अकरावं अर्घ्य

सलूनच्या आरशात बाळूकाकांच्या उजव्या खांद्यावर जानवं दिसलं आणि माझ्या मनात आलं, यांच्याकडे कोण गेलं? कानावर तर काही आलं नव्हतं. काशीतल्या आमच्या दूधविनायक मोहल्ल्यात कुणाला गल्लीत साधी ठेच लागली तरी दुपारपर्यंत ती बातमी आमच्या घरी चहाला येते, तर माणूस गेलेलं कळल्याशिवाय राहतं होय? बाळूकाका शेजारच्या खुर्चीत उघड्या अंगाने बसले होते. न्हावी त्यांच्या टकलावर तेल थापत होता आणि ते डोळे मिटून काहीतरी गुणगुणत होते. सुतकातला माणूस अशी चंपी करून घेत नाही, एवढं तरी मला कळायला हवं होतं. मी मान वळवून थेट त्यांच्याकडे पाहिलं. जानवं डाव्या खांद्यावर होतं, जिथे ते गेली सत्तर वर्षं आहे. न्हाव्याने 'गर्दन सीधी, भइया' म्हणत माझं डोकं धरून पुन्हा समोर केलं आणि आरशात जानवं पुन्हा उजव्या खांद्यावर गेलं. बावन्न वर्षांचा घोडा झालो तरी आरसा फसवतो याचं मला हसू आलं. गालावर साबण होता म्हणून नीट हसता येईना. आणि हसता हसताच आठवलं, तीन आठवड्यांपूर्वी मी असाच एका माणसाचा उजवा खांदा पाहिला होता, पडद्यावर, आणि त्याच्यापुढे माझ्या हाताने लिहून दिलं होतं: श्राद्धविधी.

माझं काम काय आहे ते गल्लीत कुणाला समजावून सांगणं कठीण. आई सांगायची, आमचा प्रल्हाद टीव्हीत आहे. त्यामुळे पुष्कळ वर्षं लोक मला बिघडलेले रिमोट आणून दाखवत. खरं तर मी जुन्या फिती शोधून देतो. मुंबईत, दिल्लीत, कधी परदेशात कुणी माहितीपट करत असतं, त्यांना चाळीस-पन्नास वर्षांपूर्वीचं काहीतरी हलतं चित्र हवं असतं. ते कुणाच्या माळ्यावर, कुठल्या डब्यात पडलं आहे ते मी हुडकतो, ते कुणाचं आहे ते ठरवतो, मालकाची लेखी परवानगी घेतो, आणि फितीच्या प्रत्येक तुकड्यात काय दिसतं त्याची यादी करून देतो. यादीत फक्त दिसतं तेच लिहायचं, हा या धंद्याचा पहिला नियम. मला हे काम आवडतं, उगाच कशाला लपवू? सकाळी कचोरी खाऊन वरच्या खोलीत बसायचं, खिडकीतून माकडं आत येणार नाहीत एवढं बघायचं आणि दिवसभर मेलेल्या माणसांना चालता-बोलताना पाहायचं. बोलताना म्हणजे ओठ हलताना, कारण घरगुती फितींना बहुतेक आवाज नसतो. आता काशीतून लोक काय मागतात ते वेगळं सांगायला नको. चिता, धूर, विधवा, पिंड. वीस वर्षांत काशीतला एखादा आनंदाचा तुकडा मागणारं गिऱ्हाईक मला भेटलेलं नाही. इथे लग्नं होतात, इथे लोक परीक्षेत नापास होतात, सासवांशी भांडतात, वजन वाढलं म्हणून घाटावर पळायला जातात, हे कुणाला ठाऊकच नसावं. मीही सांगायच्या भानगडीत पडत नाही. माझ्याकडे मरणाचे तुकडे भरपूर आहेत, नीट नावनिशीवार लावलेले.

मुंबईच्या निनादलाही तेच हवं होतं. निनाद म्हणजे काशीवरच्या एका माहितीपटाचा दिग्दर्शक, वयाने माझ्याहून वीस वर्षांनी लहान, कामाला चोख. त्याला शेवट सापडत नव्हता. मी त्याला शेवट शोधून दिला होता. प्रभावतीकाकूंच्या मुलाने, विश्वेशने, रिळांची एक पेटी माझ्याकडे आणून दिली होती; सोळा मिलिमीटरची, रंगीत, चौदा रिळं, डब्यांवर शाईने महिने घातलेले. प्रभावतीकाकू म्हणजे आमच्या गणेशोत्सवात पहिल्या रांगेत बसणाऱ्या, आता गुडघ्यांमुळे सिगऱ्याच्या फ्लॅटमधून खाली न उतरणाऱ्या. त्यांचे सासरे डिझेल इंजिनांच्या कारखान्यात मोठे अधिकारी होते. परत जाणाऱ्या एका परदेशी इंजिनिअरकडून त्यांनी कॅमेरा घेतला होता. 'माघ, १९७२' असं लिहिलेल्या डब्यात तो तुकडा होता. सकाळचं कोवळं ऊन, कमरेइतक्या पाण्यात उभा असलेला एक तरुण, कॅमेऱ्याकडे पाठ, ओंजळीतून पाणी सोडतो आहे, ओल्या पाठीवर उजव्या खांद्यावरून डावीकडे उतरणारं जानवं. मग तो वळतो, कॅमेऱ्याकडे बघतो आणि हसतो. उजव्या खांद्यावर जानवं म्हणजे अपसव्य, अपसव्य म्हणजे पितरांचं काम. दुर्गाघाटावरच्या उपाध्यायाच्या मुलाला, म्हणजे मला, हे कुणी शिकवावं लागत नाही. मी लिहिलं, 'मुलगा वडिलांचं श्राद्ध करतो आहे.' 'वडिलांचं' हे दिसत नव्हतं, तरी लिहिलं. आणि हसण्याचं काय करायचं असं निनादने विचारलं तेव्हा मीच त्याला सुचवलं, हसायच्या आधी कापा, श्राद्धात हसणं बरं दिसत नाही.

दाढी झाल्यावर मी पैसे देऊन तडक घरी आलो. माझी बायको कस्तुरी शाळेत शिकवायला निघाली होती. तिने माझ्याकडे बघून विचारलं की एका कानामागे साबण ठेवायची नवीन पद्धत निघाली आहे का. मी वर गेलो, तुकडा लावला आणि एक कळ दाबून डावं-उजवं उलटं केलं. जानवं डाव्या खांद्यावर आलं. माणूस तोच, पाणी तेच, पण आता तो सूर्याला अर्घ्य देत होता, रोज हजारो लोक देतात तसं. रीळ उलटं बसलं असणार हे उघड होतं. या जातीच्या रिळाला दोन्ही कडांना भोकं असतात, ते संगणकावर उतरवायच्या यंत्रात कुठल्याही अंगाने बसतं आणि चित्र आरशातल्यासारखं उमटतं. अशा चुका मी दुसऱ्यांच्या पकडलेल्या आहेत, त्याबद्दल शाबासकी घेतलेली आहे. इथे मात्र मला एकेक गोष्ट खटकली होती आणि एकेकीची मी समजूत काढली होती. पितरांना पाणी द्यायचं तर तोंड दक्षिणेला हवं, हा तर समोर नदीकडे, म्हणजे पूर्वेला बघत होता. मी ठरवलं, कॅमेरा बाजूच्या बुरुजावरून धरला असेल. पाण्यावरून झेंडूची फुलं भरलेला एक द्रोण वाहत उजवीकडे जात होता. मी ठरवलं, काठाशी भोवरा असेल. तर्पणाचं पाणी अंगठ्याच्या बाजूने सोडतात, अर्घ्याचं बोटांच्या टोकांवरून, ते तर पाठमोऱ्या माणसाचं दिसतच नाही. इतक्या समजुती मी कधी बायकोच्याही काढल्या नसतील. आणि सगळ्यात सोपं काम, काकूंना फोन करून हा कोण म्हणून विचारणं, ते मी केलंच नाही. मरणाचं कशाला विचारायचं म्हातारीला, असं वाटलं. त्याला मी भिडस्तपणा म्हणत होतो. आता तोच आळस वाटायला लागला.

उलट-सुलट करून मी तो तुकडा दहा-बारा वेळा पाहिला असेन. कळ दाबली की अपसव्य, दाबली की सव्य. आणि डोक्यात वडिलांचा आवाज सुरू झाला. लहानपणी सुट्टीच्या दिवशी मी घाटाच्या वरच्या पायरीवर बसायचो. खाली जालन्याचे, साताऱ्याचे, कुठले कुठले यात्रेकरू बोटात दर्भाची पवित्रकं घालून ओळीने बसलेले, आणि पुढे माझे वडील, बिंदुमाधवगुरुजी, ताठ, कोरडे, उन्हाने रापलेले. ते म्हणायचे 'अपसव्य', की वीस-पंचवीस पांढरे दोरे एकदम या खांद्यावरून त्या खांद्यावर जायचे. 'सव्य' म्हटलं की परत. डावं आणि उजवं मी तिथेच शिकलो. वडिलांचा आवाज म्हणून माझ्याजवळ तेवढे दोनच शब्द उरले आहेत असं मला पुष्कळदा वाटतं. घरी ते बोलत नसत. घाटावरचं काम करून ते दमून येत, जेवत, पोथी घेऊन बसत. मी त्यांचं काम पुढे चालवणार नाही, दिल्लीला जाऊन हे असलं काहीतरी शिकणार आहे असं सांगितलं तेव्हा त्यांनी फक्त पोथीचं पान उलटलं. पुढची दोन वर्षं माझी पत्रं आईच त्यांना वाचून दाखवायची. मी परत आलो, याच घरात वरच्या खोलीत कामाला बसलो, तेही काही म्हणाले नाहीत. आमचं वाईट नव्हतं, पण चांगलं काय असतं ते कळेपर्यंत ते गेले, त्यालाही अकरा वर्षं झाली. त्यांचा एक पासपोर्ट आकाराचा फोटो आहे, रेशनकार्डासाठी काढलेला. हलतं चित्र एकही नाही. जगाचे वडील शोधून देणाऱ्या माणसाच्या घरी ही परिस्थिती. काशीतली कुठलीही जुनी फीत आली की मी आधी पायऱ्यांवर उभ्या असलेल्या भटजींचे चेहरे बघून घ्यायचो, काही वर्षं बघितले, मग सोडून दिलं. न सापडणाऱ्या फितीही असतात हे मी रोज लोकांना सांगतो, मग मला ऐकायला काय होतं?

कळ दाबून काही सिद्ध होत नाही, जागा पाहिली पाहिजे. निनादचा माहितीपट दुसऱ्या दिवशी सकाळी मुंबईहून वाहिनीकडे रवाना व्हायचा होता. मी लॅपटॉप पिशवीत टाकला आणि दुर्गाघाटावर उतरलो. आमच्या दारापासून सात मिनिटं लागतात, वाटेत बैल आडवा बसला असेल तर नऊ. या तुकड्यासाठी मी लंडनच्या एका संग्रहाला पत्र पाठवून कॅमेऱ्याच्या जातीची खात्री करून घेतली होती, आणि सात मिनिटं चालून पायऱ्या बघितल्या नव्हत्या. त्या तर आपल्याच, त्या काय बघायच्या. पडद्यावर माणसाच्या डाव्या हाताला भिंतीत शेंदूर फासलेल्या गणपतीची एक देवळी दिसत होती, तिच्याखालची पायरी फुटलेली. मी नदीकडे तोंड करून उभा राहिलो. देवळी उजव्या हाताला होती. पायरीही तशीच फुटकी, पन्नास वर्षांत कुणी हात लावलेला नाही याबद्दल महापालिकेचे आभार मानावेत असं मला वाटलं. कुणीतरी सोडलेला एक द्रोण, फुलं आणि विझलेली वात घेऊन, काठाकाठाने डावीकडे निघाला होता, पुलाकडे, जिकडे गंगा जाते. भोवरा वगैरे काही नव्हता. मी पायरीवर बसलो. लाज वाटली, हे आधी सांगतो. बाहेरून आलेला एखादा पोरगा चुकला असता तर त्याला माहीत नाही म्हणून सोडलं असतं. मला माहीत होतं म्हणूनच मी चुकलो. पण लाजेच्या जोडीला दुसरंही काहीतरी वाटत होतं, आणि ते चक्क सुख होतं. पलीकडच्या रेतीवर ऊन चढत होतं, होड्यांचे नावाडी एकमेकांच्या सात पिढ्या काढत होते, आणि पाण्यात त्या जागी उभ्या असलेल्या माणसाचा बाप मेलेला नव्हता. तीन आठवडे माझ्या एका ओळीने तो मेला होता, आता परत आला. माझ्या धंद्यात असं फारसं होत नाही.

मग मैदागिनपर्यंत चालत आणि तिथून ई-रिक्षाने सिगऱ्याला गेलो. प्रभावतीकाकू पलंगावर पाय लांब करून मटार सोलत होत्या. विश्वेश कामावर गेला होता. मी सांगितलं की तुमच्या रिळातलं काही दाखवायचं आहे. त्यांनी मटार बाजूला ठेवले, चष्मा पदराला पुसला आणि केसांवरून हात फिरवला, फोटो काढायचा असल्यासारखा. ती रिळं त्यांनी पंचेचाळीस वर्षांत पाहिली नव्हती. सासऱ्यांचं रिळं दाखवायचं यंत्र बिघडलं ते बिघडलं. मी सरळ केलेला तुकडा लावला. पाणी, पाठ, ओंजळ. माणूस वळला आणि हसला. काकूही हसल्या, बरोबर त्याच क्षणी, जणू तो पडद्यातून त्यांच्याकडेच बघत होता. 'अजून एकदा लाव' म्हणाल्या. मी लावला. चौथ्या वेळी मला म्हणाल्या की हे आमचे हे, आणि लग्नाला तेव्हा तीन महिने झाले होते. मी विचारलं, फीत कुणी घेतली? नाव परवानगीच्या कागदावर मीच लिहून घेतलं होतं, तरी विचारलं.

"मामंजींनी. आणखी कोण? कॅमेऱ्याला दुसऱ्या कुणाचा हात लागलेला चालायचा नाही," काकू म्हणाल्या.

म्हणजे ज्याचं श्राद्ध म्हणून मी लिहून दिलं होतं तोच गृहस्थ काठावर कॅमेरा धरून उभा होता. ज्याचा बाप जिवंत त्याने पितरांचं जानवं खांद्यावर घ्यायचं नाही, हेही त्याच पायरीवर शिकलो होतो मी. मला तिथेच मान खाली घालून मटार सोलावेसे वाटले. काकूंना यातलं काही सांगायचं की नाही असा विचार करत होतो, तोवर त्या आपल्या घाटावर जाऊन पोचल्या होत्या.

"पहिलं अर्घ्य दिलं तर मामंजी म्हणतात, थांब रे, चावी दिलीच नव्हती. दुसऱ्याला टोपण काढायचं राहिलं. मग म्हणे ऊन नीट पडलं नाही. मग मधे नाव आली. इतकी ठंड होती, माघाची, ह्यांचे दात वाजत होते. मी वर शाल घेऊन उभी, मलाच रडू येत होतं. पण बापाला नाही म्हणायची रीत नव्हती. असं करत अकरा झाली."

"मोजलीत तुम्ही?"

"मी कशाला मोजते? गुरुजी मोजत होते ना, शेजारी उभे राहून, एकदम मंत्राच्या चालीवर. अकरावं झालं तसे म्हणाले, 'पुरे आता, सूर्यनारायणाला पडसं होईल.' तर हे वळून असे हसले. मामंजींना वाटलं आपल्याकडे बघून हसला. हे गुरुजींकडे बघून हसले होते."

मी विचारलं कोण गुरुजी. काकूंनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं.

"कोण म्हणजे? बिंदूगुरुजी. तुझे वडील. तुला माहीत नाही? मला वाटलं, म्हणूनच आलास. म्हणून तर विश्वेशला म्हटलं, रिळं प्रल्हादलाच दे, दुसऱ्या कुणाला नको."

मी म्हटलं की ते चित्रात कुठे दिसत नाहीत. काकू म्हणाल्या की दिसायचे कसे, मामंजींना लागूनच तर उभे होते. आणि मग त्या सांगतच सुटल्या. लग्नाला, मुंजीला बिंदूगुरुजी येणार म्हटलं की पोरी त्यांच्याजवळची जागा धरायच्या. होमाच्या धुराने नवऱ्यामुलाच्या डोळ्यांत पाणी आलं तर म्हणायचे, आत्तापासून नको रे, पुढे लागेल. उपरण्या-शेल्याची गाठ सुटत नसली की म्हणायचे, सुटली नाही म्हणजे बरंच आहे. सगळा मांडव हसायचा आणि यांचं तोंड तसंच्या तसं कोरडं. 'फार हसवायचे रे' असं काकू तीनदा म्हणाल्या. मला खरं वाटत नव्हतं आणि खोटं म्हणवत नव्हतं. वडील लग्नं लावत, मुंजी लावत, हे काय मला माहीत नव्हतं? पण त्या दिवशी मी शाळेत असायचो, किंवा गल्लीत क्रिकेट खेळत असायचो. मी त्यांना पाहिलं ते घाटावर, लोकांच्या मेलेल्या माणसांसमोर, आणि घरी, दमलेले. तेवढ्यावरून मी यादी करून टाकली होती. चाळीस वर्षं ती यादी मी बदलली नाही. मी मटाराची एक शेंग उचलून सोलली. दाणे गोड होते. काकूंनी लॅपटॉपकडे बोट दाखवून मला विचारलं, सहज विचारावं तसं.

"हे हसतात ते येईल ना टीव्हीवर? फोटो म्हटला की तोंड आंबट करायचे. हसतानाचं एवढंच आहे बघ."

"येईल, काकू," मी म्हणालो.

आणि मग जिन्यावर मला आठवलं, ते येणार नव्हतं. ते मीच कापायला लावलं होतं. मी तिथूनच निनादला फोन केला. सगळं सांगितलं, आधी चूक, मग चुकीचं कारण, मग ती कुणाची. तो शांतपणे ऐकत होता. त्याचा शेवट त्या पाठमोऱ्या माणसावर होता, त्यावर एक भारदस्त आवाज म्हणणार होता की काशीत मुलगा बापाला निरोप देतो आणि नदी वाहत राहते. ते रेकॉर्ड झालं होतं, संगीत बसलं होतं, सकाळी नऊला सगळं जायचं होतं. त्याने मला आठवण करून दिली की श्राद्धविधी हे मी सहीनिशी लिहून दिलेलं आहे. मी म्हटलं, हो. मग त्याने आवाज खाली आणून विचारलं.

"प्रल्हादजी, पण हे कुणाला कळणार आहे?"

त्याचं चूक नव्हतं. देशभरात हा प्रश्न बरोबर आहे. मी म्हटलं की दुर्गाघाटावर सगळ्यांना कळेल, आणि दुर्गाघाटाला कळलं नाही तरी काकूंना कळेल, त्या डोळ्यांत तेल घालून बघणार आहेत. परवानगीच्या कागदात एक कलम आहे, मीच घातलेलं, की चित्राचा भलता अर्थ लावून वापर करायचा नाही. आजवर ते कलम मी कुणापुढे काढलं नव्हतं. आता काढलं. म्हटलं, श्राद्ध म्हणून लावाल तर परवानगी नाही. अर्घ्य म्हणून लावा, सरळ करून लावा, आणि हसण्यासकट लावा. तुमच्या लोकांना माझी चूक मी स्वतः लिहून कळवतो. निनाद म्हणाला की लोक हे विसरत नाहीत, पुढच्या सहा भागांच्या मालिकेसाठी त्याने माझं नाव पुढे केलेलं आहे आणि त्याचं आता काय होईल ते त्याला सांगता येत नाही. हे तो धमकी म्हणून बोलला नाही, खरंच काळजीने बोलला. त्या सहा भागांची मी दीड वर्ष वाट बघत होतो. कस्तुरीला सांगून झालं होतं, लेकीला सांगून झालं होतं. मी जिन्याच्या कठड्याला टेकलो. खालच्या मजल्यावर कुणीतरी मोहरीची फोडणी दिली, ठसका लागला, आणि ठसक्यातच मी म्हणालो की जे व्हायचं ते होऊ दे. पलीकडे कळफलकाची टकटक ऐकू आली. मग निनादने विचारलं, "हसतो ते किती सेकंद आहे?"

"सव्वाचार."

"पाठवा," तो म्हणाला.

दुपारी घरी येऊन मी सरळ केलेला तुकडा पाठवला, मुंबईच्या लोकांना माझी चूक कबूल करणारं पत्र लिहिलं आणि झोपलो. अशा दिवशी मला झोप लागते, कस्तुरीच्या मते कुठल्याही दिवशी लागते. उठलो तेव्हा गल्लीत पोरांचा खेळ चालला होता आणि निनादचा निरोप येऊन पडला होता. त्याने ते वाक्य काढून टाकलं होतं. वाक्याबरोबर 'नदी वाहत राहते'ही गेलं. आता शेवटी तो माणूस पाणी सोडतो, वळतो, हसतो आणि चित्र संपतं. 'शेवटी आता कुणी बोलत नाही, बरं वाटतंय बघायला' असं लिहिलं होतं. सहा भागांबद्दल काही नव्हतं. मीही विचारलं नाही. कस्तुरीला सगळं सांगितलं तेव्हा तिने चहा गाळता गाळता एवढंच म्हटलं की सासरे तिला एकदा म्हणाले होते, 'तुझ्या स्वयंपाकाने पितर तृप्त होतील, पण ते बिचारे आधीच मेलेले आहेत.' मी म्हटलं, हे तू मला कधी सांगितलं नाहीस. ती म्हणाली, तुला वाटलं असतं मी चहाडी करते आहे.

संध्याकाळी मी पुन्हा वर जाऊन तो तुकडा लावला. आता माझं लक्ष माणसाकडे नव्हतं. तो वळतो तेव्हा त्याची नजर कॅमेऱ्यावर नाही, बोटभर बाजूला आहे, हे इतक्या वेळा पाहूनही मला दिसलं नव्हतं. तिथे चौकट संपते. तिथे कुणीतरी उभं आहे, बत्तिसाव्या वर्षी, माघाच्या थंडीत, तोंड कोरडं ठेवून. रिळाला आवाज नाही. तरी मी एकदा उगाच आवाजाची कळ पूर्ण वर नेली आणि खिडकी लावून घेतली. मग यादी उघडली आणि जुनी ओळ खोडली. नवी लिहिली: 'दुर्गाघाट, सकाळ. तरुण पुरुष, कमरेइतक्या पाण्यात, सूर्याला अर्घ्य देतो. जानवं सव्य. वळतो, हसतो.' एवढं दिसतं, एवढंच लिहायचं असतं. मग त्याच्याखाली, वीस वर्षांत दुसऱ्यांदा, या वेळी मात्र विचारून, न दिसणारं लिहिलं: 'अर्घ्य अकरावं. चौकटीबाहेर, उजवीकडे: बिंदुमाधवगुरुजी. ते हसवत आहेत.'